श्रुती धरून बसलेला संपादक

अण्णा नगरात राहायला आले त्या पहिल्याच डिसेंबरात कळलं, की चेन्नईचा तो प्रसिद्ध ‘सीझन’ आमच्या भागात भरत नाही. तो मैलापूर, आळ्वारपेट, टी. नगर इकडे. आम्ही मंडळी दुपारीच घर सोडतो, सभेच्या कॅन्टीनमध्ये काहीतरी पोटात ढकलतो आणि रात्री उशिरा परततो. अण्णा नगर हे आखून वसवलेलं उपनगर. १९६८च्या व्यापार-प्रदर्शनासाठी उभारलेला मनोरा हीच इथली म्हातारी वास्तू. देवळाच्या प्राकारात नाच पाहिलेल्या आज्या या भागात सहसा भेटत नाहीत. पण संध्याकाळी कुठल्याही गल्लीतून चाला, एखाद्या घराच्या पहिल्या मजल्यावरून लाकडावर आपटणाऱ्या काठीचा ठोका आणि ‘तैय्या तै’ ऐकू येतंच. फाटकावर पाटी असते: भरतनाट्यम, गायन, वीणा.

काही वर्षांपूर्वी ओळखीच्या एका कुटुंबाने मुलीच्या अरंगेत्रमच्या स्मरणिकेसाठी माझ्याकडून लेख मागितला. अरंगेत्रम म्हणजे शिष्येचं रंगमंचावरचं पहिलं पूर्ण नृत्य. हल्ली त्याला लग्नाइतका खर्च येतो आणि लग्नासारखीच पत्रिका निघते. मी लेख दिला. त्यात गुरूंचं कौतुक, मुलीची जिद्द, आईवडिलांनी सोसलेली धावपळ आणि शेवटी ‘तंजावरची थोर परंपरा’. तंजावर हा शब्द लिहिताना मराठी माणसाच्या छातीत जे होतं ते माझ्याही झालं. कार्यक्रमानंतर पंगतीत माझ्या शेजारी एक वृद्ध बाई बसल्या होत्या. पूर्वी त्या नाचाच्या साथीला गात असत. स्मरणिका चाळून झाल्यावर त्यांनी विचारलं, ‘तंजावर म्हणजे कोणाचं घर, मा?’ मी चौघा भावांची नावं सांगितली: चिन्नय्या, पोन्नय्या, शिवानंदम, वडिवेलु. सरफोजीराजांच्या दरबारातले. त्या म्हणाल्या, ‘ते दोनशे वर्षांपूर्वीचे. मधले?’

मला उत्तर देता आलं नाही. त्या रागावल्या नाहीत, पायसमकडे वळल्या.

त्या ‘मधले?’ने मला ‘श्रुती’पर्यंत नेलं. एका रद्दीवाल्याकडून जुन्या अंकांचा गठ्ठा आणला आणि महिनाभर तेवढंच वाचत होते. त्यातून एका संपादकाचं काम हळूहळू दिसू लागलं. त्यांचं नाव एन. पट्टाभिरामन. मराठीत त्यांच्याबद्दल काही लिहिलेलं माझ्या वाचनात नाही.

आधी नावाबद्दल. मराठीत ‘श्रुती’ म्हटलं की वेद आठवतात, नाहीतर बावीस श्रुतींचा वाद. इकडच्या संगीतात श्रुती म्हणजे आधारस्वर, मागे सतत चालू असणारा तंबोरा. नर्तिकेला टाळी मिळते, नट्टुवनारला मिळते, मृदंगवाल्याला मिळते. श्रुती धरून बसणाऱ्याला कोणी टाळी देत नाही, पण त्याने हात काढला की बाकी सगळे कुठे आहेत ते लगेच कळतं. मासिकाला हे नाव देणाऱ्या माणसाला आपल्या कामाची बऱ्यापैकी कल्पना असावी.

‘श्रुती’चा पहिला अंक ऑक्टोबर १९८३चा. पट्टाभिरामन अमेरिकेत बरीच वर्षं काढून मद्रासला परतले होते. कर्नाटक संगीत आणि नृत्य यांना वाहिलेलं, इंग्रजीतलं मासिक त्यांनी काढलं आणि २००२मध्ये जाईपर्यंत ते त्यांच्या नावाने ओळखलं गेलं. पुढे सनमार समूहाने त्याची जबाबदारी घेतली. या कारकिर्दीचं वजन कळायला मात्र अर्धं शतक मागे जावं लागतं, कारण नाचाची बाजू छापील शब्दाने लढवणारा मद्रासमधला पहिला माणूस संपादक नव्हता, वकील होता.

ई. कृष्ण अय्यर. स्वातंत्र्य चळवळीतला कार्यकर्ता, मद्रासच्या म्युझिक अकॅडमीच्या उभारणीतला माणूस, आणि हौशीने स्त्रीवेष घेऊन स्वतः नाचून दाखवणारा. मार्च १९३१मध्ये त्याच्या पुढाकाराने अकॅडमीने कल्याणीच्या दोन मुलींचा नाच ठेवला. देवदासी घराण्यातल्या मुली, आणि समोर मद्रासचे प्रतिष्ठित लोक. १९३२च्या अखेरीस वर्तमानपत्रांतून डॉ. मुथुलक्ष्मी रेड्डी आणि कृष्ण अय्यर यांचा पत्रव्यवहार रंगला. हा नाच बंद व्हावा असं त्यांचं म्हणणं. नाच आणि त्याभोवतीची प्रथा या दोन गोष्टी वेगळ्या आहेत असं याचं. याच काळात ‘सदिर’ हे जुनं नाव मागे पडलं आणि ‘भरतनाट्यम’ हे सोज्ज्वळ नाव रूढ झालं. १९३५च्या डिसेंबरात रुक्मिणीदेवी रंगमंचावर आल्या, आणि पुढच्या वर्षी कलाक्षेत्र उभं राहिलं. १९४७मध्ये देवदासीप्रथेविरुद्धचा कायदा झाला.

कृष्ण अय्यरचं ऋण नाकारण्यात अर्थ नाही. तो नसता तर आमच्या गल्लीतली ती काठी आज वाजलीच असती असं मी छातीठोकपणे म्हणणार नाही. पण वकील खटल्याला लागेल तेवढंच बोलतो. नाच वाचवायचा, तर ज्या बायकांनी तो सांभाळला त्यांच्याबद्दल थोडं कमी बोललेलं बरं, असं त्या खटल्याचं गणित झालं. प्रचार जिंकला. नाच वाचला, आणि घरं पुसट झाली. माझ्या स्मरणिकेतला लेख त्याच वळणाचा होता. मी खोटं एक अक्षर लिहिलं नव्हतं. फक्त ‘मधले’ वगळले होते.

१९८३पर्यंत भरतनाट्यमला प्रचारकाची गरज उरली नव्हती. मुंबईत, दिल्लीत, न्यू जर्सीत मुली शिकत होत्या. प्रचाराचं काम संपलं होतं, हिशोबाचं मात्र कोणी हाती घेतलं नव्हतं. पट्टाभिरामननी ते घेतलं, आणि माझ्या मते त्यांचं सगळ्यात मोठं श्रेय हेच. समीक्षक इथे आधीही होते. कल्कींनी ‘कर्नाटकम’ या नावाने ‘आनंद विकटन’मध्ये तमिळ वाचकांना हसवत-चिमटे काढत ऐकायला शिकवलं. पुढे सुब्बुडूंची धास्ती दिल्लीपासून मद्रासपर्यंत होती. पण समीक्षकाचा कस एका संध्याकाळीला लागतो. संपादकाला मागच्या वीस वर्षांचं आणि पुढच्या वीस वर्षांचं एकदम पाहावं लागतं. कोण गेलं, कोणाकडे काय होतं, कोणाला विचारायचं राहिलंय याची यादी डोक्यात ठेवावी लागते.

बालासरस्वतींच्या बाबतीत ही यादी अगदी वेळेवर कामी आली. १९८४च्या सुरुवातीच्या दोन अंकांत पट्टाभिरामन आणि आनंदी रामचंद्रन यांनी मिळून बालांवर दीर्घ लेख लिहिला. त्याच सुमारास, ९ फेब्रुवारीला, बाला गेल्या. मासिक जेमतेम चार-पाच महिन्यांचं होतं. हा लेख ‘सीझन संपल्यावर बघू’ म्हणून ठेवला असता, तर तो मृत्युलेख झाला असता. आणि मृत्युलेखात माणूस नेहमी थोडा इस्त्री केलेला असतो. पुढे १९९१मध्ये एस. गुहन यांनी बालांचे नृत्यविषयक विचार संकलित आणि भाषांतरित केले. ते पुस्तक ‘श्रुती’च्याच प्रतिष्ठानाने छापलं. बाला वीणा धनम्माळची नात, देवदासी घराण्यातली. नाचातला शृंगार गाळून तो ‘शुद्ध’ करण्याच्या खटपटीला त्यांनी आयुष्यभर उत्तर दिलं. ते उत्तर पुस्तकाच्या रूपात हाती लागतं यात संपादकाचा वाटा आहे. भाषणं हवेत विरतात. ती कोणीतरी मागून घ्यावी लागतात, भाषांतर करणारा शोधावा लागतो, छपाईचे पैसे उभे करावे लागतात. या कामात झळाळी नाही.

त्यांचा स्वतःचा मला सर्वांत महत्त्वाचा वाटणारा लेख १९८८चा आणि अगदी आटोपशीर आहे: भरतनाट्यमची त्रिमूर्ती – बाला, रुक्मिणीदेवी, कमला. मद्रासमध्ये ‘त्रिमूर्ती’ हा शब्द सहज वापरायचा नसतो. त्यागराज, दीक्षितर, श्यामा शास्त्री या तिघांसाठी तो राखून ठेवलेला. तो उचलून तीन बायकांना देणं हीच एक भूमिका होती. आणि बायका तरी कोणत्या? बाला आणि रुक्मिणीदेवी यांच्या अनुयायांत विस्तव जात नसे. एक वंशपरंपरेची मानकरी. दुसरी ब्राह्मण घरातून आलेली थिऑसॉफिस्ट, नाचाला नवं घर, नवी शाळा, नवा पोशाख देणारी. तिसरी कुमारी कमला तर सिनेमातली. मैलापूरच्या सुसंस्कृत नाकाला सिनेमाचा वास तेव्हाही सहन होत नसे. पण १९४७च्या ‘नाम इरुवर’नंतर गावोगावच्या आयांना मुलीला नाच शिकवावासा वाटला तो कमलाकडे पाहून. पट्टाभिरामननी तिघींना एका ओळीत बसवलं आणि तिघींच्या भक्तांना अस्वस्थ होण्याची समान संधी दिली. संपादकाचा निःपक्षपातीपणा म्हणजे सगळ्यांशी गोड असणं नाही, हे त्या एका शीर्षकातून कळतं.

तरीही याच लेखाशी माझं भांडण आहे. त्रिमूर्ती उभी केली की मागचे लोक अंधारात जातात. बालांच्या मागे कंदप्पा पिल्लै, रुक्मिणीदेवींच्या मागे पंदनल्लूरचे मीनाक्षीसुंदरम पिल्लै, कमलाच्या मागे वळुवूर रामय्या पिल्लै. यांतल्या पहिल्या दोघांचं नातं थेट तंजावरच्या त्या चौघा भावांपर्यंत जातं. पंगतीतल्या बाईंचे ‘मधले’ ते हेच. ‘श्रुती’ने नट्टुवनारांकडे पाठ फिरवली होती असं मी म्हणत नाही, पण त्या मासिकाने घडवलेली सगळ्यात टिकाऊ प्रतिमा मात्र तीन नर्तिकांची आहे. प्रतिमा सोपी असते म्हणून टिकते. अभ्यासक आज तेच तीन चेहरे घेऊन वर्गात जातात.

दुसरी तक्रार भाषेची. ‘श्रुती’ इंग्रजीत होतं. त्यामुळे ते न्यू यॉर्कला पोचलं, आमच्यासारख्या परप्रांतीयांना वाचता आलं, आणि या बहुभाषी अंकाचे वाचकही त्यातूनच इकडच्या नाचाकडे आलेले असणार. पण ज्या घरांच्या आठवणी त्यात छापल्या जात, त्यांतल्या किती जणांना त्या वाचता येत होत्या? स्वतःवर लिहिलेला लेख दुसऱ्याकडून वाचून घ्यायचा आणि मान डोलवायची! बी. एम. सुंदरम यांनी देवदासी कलावतींची चरित्रं तमिळमध्ये पुस्तकरूपात आणली ती २००३मध्ये. दवेश सोनेजींचा अभ्यासग्रंथ २०१२चा, तोही इंग्रजीत. आज नृत्या पिल्लै यांच्यासारखी वंशपरंपरेतली नर्तिका स्वतः लिहिते, बोलते, जाहीर वाद घालते. ती जे विचारते ते ऐकताना मला पंगतीतला तो प्रश्न आठवतो, फक्त आवाज चढलेला असतो. चढायलाच हवा होता.

इथे मराठी वाचकाला वाटेल, हे सगळं तमिळ लोकांचं घरगुती भांडण, आपला काय संबंध. संबंध आहे, आणि तो अभिमानापेक्षा अडचणीचा आहे. सरफोजीराजांच्या (१७९८–१८३२) नावावरच्या मराठी नृत्यरचना, ज्यांना निरूपणं म्हणतात, तंजावरच्या सरस्वती महालात हस्तलिखितांत पडून होत्या. ‘कोरव्यांचे साहित्याचे जिन्नस’ या नावाने त्या १९५८मध्ये छापल्या गेल्या. एकच कथासूत्र धरून नाचाचे एकामागून एक प्रकार त्यात गुंफलेले आहेत. आज कार्यक्रमात जे सुटे सुटे दिसतं त्याची ही निराळीच मांडणी, आणि ती मराठीत. मुंबईत आचार्य पार्वतीकुमारांनी त्या नाचवून पाहिल्या आणि त्यांच्यावर ‘तंजावर नृत्यप्रबंध’ हे पुस्तक सिद्ध केलं. पुण्याच्या सुचेता भिडे-चापेकर यांनी किट्टप्पा पिल्लैंकडे बसून तंजावरच्या मराठी राजांच्या रचनांचा अभ्यास केला. म्हणजे मराठी राजाची रचना समजून घ्यायला मराठी नर्तिका तमिळ नट्टुवनाराच्या घरी गेली. किट्टप्पा त्या चौघा भावांच्याच वंशातले. ‘मधले’ तिथे होते, आणि त्यांना विचारणारं कोणी होतं.

पण हे विचारणं मराठीत नोंदलं किती गेलं? गायनावर आपल्याकडे भरघोस लिहिलेलं आहे. केशवराव भोळे, गोविंदराव टेंबे, वामनराव देशपांडे, अशोक रानडे – ही नावं घेताना दम लागतो. गांधर्व महाविद्यालय मंडळाचं ‘संगीत कला विहार’ कित्येक दशकं चालतंय. नाचावर मात्र मराठीत लिहिलं ते बहुतेक नाचणाऱ्यांनीच. रोहिणी भाटे यांनी केवढं लिहिलं! नाचणाऱ्यांनी लिहावंच, ते आतून लिहितात. पण आपल्याच कलेच्या हिशोबाची वही आपणच ठेवायची, तपासायचीही आपणच, हे त्यांच्यावर अन्यायाचं आहे. तिथे बाहेरचा, थोडा खाष्ट, विसरायला तयार नसलेला संपादक लागतो. आपल्याला तो नृत्यात मिळाला नाही. बाळासाहेब, दादासाहेब यांच्या अध्यक्षीय भाषणांनी भरलेल्या स्मरणिका मात्र भरपूर मिळाल्या.

चेन्नईत पट्टाभिरामननंतरचं पाऊल वेगळ्याच दिशेने पडलं. अनिता रत्नम, अड्यार के. लक्ष्मण यांच्या शिष्या, त्याही अमेरिकेतून परतलेल्या. त्यांनी १९९२मध्ये ‘नर्तकी’ नावाची निर्देशिका छापली: कोण कुठे नाचतं, कोण शिकवतं, पत्ता काय. १९९७मध्ये दुसरी आवृत्ती निघाली आणि २०००पासून तीच इंटरनेटवर गेली. ललिता वेंकट यांनी संपादनाची बाजू सांभाळली. टेलिफोन डिरेक्टरीसारखं पुस्तक, त्याला साहित्य कोण म्हणेल? पण ज्या कलेत एका घराचं दुसऱ्या घराशी बोलणं बंद असतं, तिथे सगळ्यांची नावं वर्णानुक्रमाने लावणं हीही एक समीक्षाच. वर्णमालेत पंदनल्लूर आणि कलाक्षेत्र यांच्यात वरचढ कोणी नाही. सुनील कोठारी, मूळ मुंबईत हिशेबतपासनीस झालेले आणि ‘मार्ग’चे नृत्यावरचे देखणे खंड संपादित करणारे, अखेरच्या वर्षांत तिथे सातत्याने लिहीत होते. २०२०च्या डिसेंबरात, सीझन चालू असतानाच, ते गेले.

दोन पद्धतींत मी पट्टाभिरामनच्या बाजूची आहे, हे लपवत नाही. निर्देशिका दार दाखवते. दार उघडणारी बाई कोण, तिच्या आजीला या घरात काय म्हणत होते, हे विचारायला मासिकच लागतं. महिनोन्महिने, वाचकांची तणतणती पत्रं छापत, चुका कबूल करत. जाहिरात देणारी सभा आणि जिच्यावर लिहायचं ती सभा एकच, अशा गावात हे करणं म्हणजे रोज थोडी मैत्री गमावणं. कोठारींबद्दल लोक ‘सगळ्यांचे मित्र’ म्हणून बोलतात. जुन्या गठ्ठ्यातली वाचकांची पत्रं वाचून पट्टाभिरामनबद्दल कोणी तसं म्हणत असेल असं वाटत नाही.

गेल्या वर्षी पुन्हा एका अरंगेत्रमसाठी लेख मागितला गेला. घर वेगळं, गुरू वेगळ्या. मी म्हटलं, लिहीन, पण आधी गुरूंच्या गुरूंचं नाव सांगा, त्यांनी कोणाकडे घेतलं ते सांगा, आणि त्यात कोणी नट्टुवनार किंवा जुन्या घराण्यातली बाई असेल तर तिचंही. गुरूंनी स्वतः फोन करून तीन नावं सांगितली. चौथं सांगताना त्या थांबल्या. मग म्हणाल्या, ‘हे अजून कोणी विचारलं नव्हतं,’ आणि नाव सांगितलं. लेखात मी चारही नावं घातली. स्मरणिका हातात आली तेव्हा लेख एका पानाचा होता, तीन नावांपर्यंत. खाली दागिन्यांच्या पेढीची जाहिरात होती. मुलीच्या वडिलांनी दिलगिरी व्यक्त केली, जागा कमी पडली म्हणाले. चौथं नाव माझ्याकडे वहीत आहे. ते छापायला परवानगी द्याल का, असं मी गुरूंना पत्राने विचारलं आहे.